दोन ते चार

बाहेर उणे पंधरा, आणि रात्री पावणेदोनला तळघराच्या लोखंडी दारापाशी उभं राहून चार आकडी कुलूप आठवायचं. आकडे दर सत्राला बदलत, ते बदलल्याचा ईमेल येई, आणि मी तो वाचलेला नसे. मग काच ठोठावायची. आतून बारा ते दोनवाला हात वर करी. हा आमचा नळदुरुस्तीचं काम केलेला, साठी उलटलेला गृहस्थ, विद्यापीठाशी त्याचा संबंध एवढाच की तो त्या गावात राहायचा. विद्यार्थ्यांच्या रेडिओवर अशी गावातली माणसं बरीच असतात. विद्यार्थी चार वर्षांत पदवी घेऊन निघून जातात. कुठली वायर कशाला जोडली आहे हे या मंडळींना ठाऊक असतं.

‘सात मिनिटं ठेवून जातोय,’ असं म्हणून तो टोपी घालायचा. ही तिथली रीत. जाणाऱ्याने शेवटी लांब गाणं लावायचं, म्हणजे येणाऱ्याला कोट काढायला आणि पहिली तबकडी लावायला सवड मिळते. शेवटी दोन मिनिटांचंच लावून निघून गेलेल्या माणसाबद्दल पुढचा आठवडाभर वाईट बोललं जाई.

सात मिनिटांत काय काय करायचं, ते एकदा हातात बसलं की जात नाही. तबकडी फिरत्या थाळीवर ठेवायची, हेडफोनमध्ये ‘क्यू’वर फक्त स्वतःला ऐकू येईल असं ठेवून सुई पहिल्या सुरावर आणायची, थाळी थांबवायची आणि तबकडी पाव वेढा उलटी फिरवायची. थाळीला वेग घ्यायला तेवढं अंतर लागतं. पाव वेढा मागे नेली नाही, तर पहिला सूर गळा दाबल्यासारखा खालून वर चढत येतो. मग बोर्डावरची त्या थाळीची पट्टी वर, आधीची खाली. हे मला पहिल्या महिन्यात जमलं. जमल्यावर चूक झाली ती दुसरीच. एकदा मी थाळी दोन सुरू केली आणि पट्टी सरकवली थाळी तीनची. तबकडी फिरतेय, हेडफोनमध्ये गाणं वाजतंय, मी खुशीत. समोरच्या मीटरचे काटे आडवे पडलेत, हे बघायचं भान नाही. दीडेक मिनिटाने फोनचा दिवा लुकलुकला. (स्टुडिओतल्या फोनला घंटी नसते, नाहीतर ती माइकमधून गावभर जाईल.) पलीकडे तो नळवाला, गाडीतून. ‘तू आहेस ना तिथे?’

माझा पहिला सिद्ध झालेला श्रोता तो.

या शांततेला तिकडे ‘डेड एअर’ म्हणतात, आणि तिची भीती खोल असते. लहानपणी आकाशवाणीवर दोन कार्यक्रमांच्या फटीत सतारीचा किंवा व्हायोलिनचा एक तुकडा वाजायचा. तो मला कंटाळवाणा वाटे. त्या रात्री पहिल्यांदा कळलं, की ती फट कुणीतरी घड्याळाकडे बघत बुजवत होतं.

पगार कुणालाच नव्हता. स्टेशन मॅनेजर वीस वर्षांची, जीवशास्त्राची विद्यार्थिनी. तरी शिस्त होती, कारण परवाना खरा होता. अमेरिकेत एफएमच्या पट्ट्याचा खालचा तुकडा, ८८ ते ९२ मेगाहर्ट्‌झ, बिगरव्यापारी आणि शैक्षणिक प्रक्षेपणासाठी राखून ठेवलेला आहे. बहुतेक विद्यापीठं तिथे दाटीवाटीने राहतात. नियम सगळ्यांना सारखे. दर तासाच्या टोकाला स्टेशनची अक्षरं आणि लगोलग गावाचं नाव उच्चारायचं, मध्ये गप्पा नाहीत. मिसिसिपी नदीच्या पूर्वेला ही अक्षरं बहुधा डब्ल्यूने सुरू होतात, पश्चिमेला केने. आमच्या अक्षरांत डब्ल्यूच्या पाठोपाठ व्ही होता, आणि तिथे माझी पंचाईत. आपण मराठीत ‘व’ आणि ‘व्ह’ वेगळे लिहितो खरे, पण तोंडातून दोन्ही एकाच दाराने बाहेर पडतात. मॅनेजरबाईंनी मला वरचे दात खालच्या ओठावर टेकवून दाखवले. दहा-बारा वेळा.

आठवड्यातून एकदा आपत्कालीन इशाऱ्याची चाचणी. बोर्डाशेजारच्या डब्यातून करकरणारे आवाज निघतात, माणसाला निरर्थक आणि पुढच्या यंत्राला अर्थपूर्ण. मग नोंदवहीत वेळ लिहून सही. जाहिरात नाही. पिझ्झावाल्याने पैसे दिले तर त्याचे आभार मानून नाव आणि पत्ता सांगता येतो, पण ‘स्वस्त’ म्हणता येत नाही, ‘चविष्ट’ही नाही, आणि ‘जरूर जा’ तर नाहीच. शिव्यांना रात्री दहा ते सकाळी सहा थोडी मोकळीक, म्हणून आमच्या रात्रपाळीकडे जरा असूयेने पाहिलं जाई. मला त्या मोकळिकीचा उपयोग नव्हता. मी तेव्हा इंग्रजी शिव्या नीट ओळखतही नव्हतो, त्यामुळे तबकडीवरची चिठ्ठी वाचल्याशिवाय काही लावायचं नाही हा नियम मी सर्वांत काटेकोरपणे पाळला.

त्या चिठ्ठ्यांबद्दल सांगायलाच हवं. नवी तबकडी आली, की संगीतविभागातलं कुणीतरी ती पूर्ण ऐकून मुखपृष्ठावर पांढरं लेबल चिकटवतं: कशासारखं आहे, कुठली गाणी लावावीत, कुठल्या गाण्यात शिवी आहे. खाली जागा उरते, तिथे बाकीचे लिहितात. पहिल्याने लिहिलेलं ‘अप्रतिम’, त्याखाली वेगळ्या शाईत ‘कान तपासून घे’, त्याखाली पंधरा वर्षांनी तिसऱ्याने ‘दोघेही चूक, फक्त चौथं गाणं’. भांडणारे एकमेकांना कधी भेटलेले नाहीत. पहिल्या दोघांची मुलं आता कॉलेजात असतील. रात्री तीनला लांब गाणं लावून मी कपाटांच्या मधल्या बोळात बसून हे वाचायचो, आणि खरं सांगायचं तर मी स्टेशनवर टिकलो तो या वाचनासाठी. संगीतावरची इतकी बेधडक टीका मी छापील पानांवर फारशी वाचलेली नाही.

जुन्या लोकांकडे गोष्टी असत. १९३६ साली ब्राउन विद्यापीठातल्या दोन विद्यार्थ्यांनी वसतिगृहांतून तारा ओढून आपलं जाळं उभारलं, तिथून हे सगळं सुरू झालं. पुढे १९४८ मध्ये सरकारने शिक्षणसंस्थांना दहा वॅटचे परवाने देऊ केले. दहा वॅट म्हणजे आपल्या झिरोच्या बल्बाच्या आसपास. आवडती गोष्ट मात्र एमआयटीची. तिथल्या विद्यार्थ्यांच्या स्टेशनचं नाव होतं डब्ल्यूटीबीएस. टेड टर्नरला आपल्या दूरचित्रवाणीसाठी तीच अक्षरं हवी होती. १९७९ मध्ये पोरांनी ती सोडली, स्टेशनच्या पदरात ५०,००० डॉलर पडले, आणि नवं नाव घेतलं डब्ल्यूएमबीआर, म्हणजे वॉकर मेमोरिअल इमारतीच्या तळघरातला रेडिओ. नाव विकून तळघराचा पत्ता लावून मोकळे! ही गोष्ट प्रत्येक विद्यापीठात आपल्याच शेजारी घडल्यासारखी सांगतात.

सुट्टीत पुण्याला आलो, की मी विद्यापीठाच्या ‘विद्यावाणी’वर १०७.४ लावून बघायचो. आपल्याकडे शिक्षणसंस्थांना रेडिओचं दार २००२च्या अखेरीस उघडलं; चेन्नईच्या अण्णा विद्यापीठाचं पहिलं केंद्र १ फेब्रुवारी २००४ला सुरू झालं. शक्ती शंभर वॅटपर्यंत, मनोरा तीस मीटरपर्यंत. एवढं सगळं समजण्यासारखं आहे. समजत नाही ते बातम्यांचं. परीक्षा, निकाल, प्रवेश यांची माहिती द्या. बातमी मात्र आकाशवाणीची, जशीच्या तशी. न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात एप्रिल २०२४ अखेरीस पोलीस शिरले, तेव्हा तिथल्या डब्ल्यूकेसीआरची मुलं आपल्याच आवारातून काय दिसतंय ते थेट सांगत होती. तसा परवाना आपल्या मुलांना मिळाला, तर ती चुकतील, उत्साहात भलतं बोलतील. मीही दीड मिनिट गाव गप्प केलंच होतं.

डिसेंबरात वेळापत्रकाला भोकं पडत. अमेरिकन मुलं घरी जात. मागे राहत ते तिकिटाला पैसे नसलेले चिनी, नायजेरियन, इराणी आणि आम्ही. नाताळच्या रात्री सलग आठ तास मी एकटा होतो. नाताळची सगळी गाणी वाजवून झाल्यावर मी पूर्वेकडच्या कपाटात गेलो, तिथे अली अकबर खाँची १९५५ची तबकडी सापडली, एंजल कंपनीची. हिंदुस्थानी संगीताची पाश्चात्त्य बाजारात आलेली ही पहिली लाँग प्ले. सुरुवातीला येहुदी मेन्युहिन स्वतः ओळख करून देतात. एका बाजूला सिंधुभैरवी, दुसऱ्या बाजूला पिलू. लेबलावर जुन्या अक्षरात: ‘उत्तम. एक बाजू = एक राग. संडासला जाऊन येता येतं.’

मला आधी राग आला, मग हसू. बाजू लावली, आणि खरोखरच जाऊन आलो. परत आलो तर दिवा लुकलुकत होता. बेकरीत रात्रपाळी करणारा एक जण. हे काय वाजतंय, विचारत होता. मी सरोद हा शब्द एकेक अक्षर करून सांगितला, त्याने तो पिठाच्या हाताने लिहून घेतला असावा, कारण मध्येच ‘थांब, कागद फाटला’ म्हणाला. मग मी लेबलावर उरलेल्या जागेत बारीक अक्षरात लिहिलं: ‘सिंधुभैरवी सकाळी लावावी. पाचच्या आत नको.’

पदवीनंतर दोन वर्षांनी त्या गावात एका रात्रीसाठी गेलो होतो. दार ठोठावलं, आतल्या मुलीने हात वर केला. नळवाला तोवर गेला होता. बारा ते दोनला आता ती होती. मी थेट पूर्वेकडच्या कपाटाशी गेलो. माझ्या ओळीखाली हिरव्या शाईत कुणीतरी लिहिलं होतं: ‘पाच वाजता माझ्याशिवाय जागं कोण असतं?’ त्याखाली जांभळ्या पेनाने फक्त दोन शब्द होते.

‘बेकरीवाला असतो.’