रोग्याच्याच पेशींचें औषध

जुन्नर तालुक्यांतील खोडद हें गांव तेथील महाकाय रेडिओ दुर्बिणीमुळें जगभर ओळखलें जातें. प्रत्येकीं ४५ मीटर व्यासाच्या ३० तबकड्या तेथें व आसपासच्या गांवांत उभ्या असून अंतराळांतून येणाऱ्या लहरींपैकीं ठराविक लांबीच्या तेवढ्या त्या टिपतात. ज्या लहरीसाठीं ग्राहक रचलेला असेल ती तो घेतो. इतर लहरी त्याच्या लेखीं नसतातच. निवडून टिपण्याची अशीच योजना मुंबईच्या शास्त्रज्ञांनीं माणसाच्या रक्तपेशीवर केली असून तींतून कर्करोगावरील एक औषध तयार झालें आहे.

रक्तांतील टी नांवाच्या पांढऱ्या पेशी रोगट पेशींना हुडकून मारतात. परंतु कर्करोगाची पेशी ही शरीराचीच बिघडलेली पेशी असल्यामुळें पुष्कळदां त्यांच्या पहाऱ्यांतून निसटते. यासाठीं रोग्याच्या टी पेशी काढून घेतात आणि निरुपद्रवी केलेल्या विषाणूच्या द्वारें त्यांत एक नवें जनुक पोंचवितात. जनुक म्हणजे प्रथिन कसें घडवावें याची लेखी आज्ञाच होय. ती मिळतांच पेशी आपल्या पृष्ठभागावर नवा ग्राहक उभारते. त्याचें बाहेरचें टोक बी पेशींवरील सीडी-१९ हें प्रथिन ओळखतें आणि आंतलें टोक हल्ल्याची सूचना देतें. अशा पेशी प्रयोगशाळेंत वाढवून रोग्याच्या शिरेंतून परत सोडतात.

परदेशांतील आरंभींच्या औषधांत हें ओळखणारें टोक उंदराच्या प्रथिनावरून घेतलेलें होतें. शरीरानें त्यास परकें ठरवून त्या पेशींचाच नाश करावा, असा धोका त्यांत होता. पवईच्या आय. आय. टी. मध्यें डॉ. राहुल पुरवार व त्यांचे सहकारी यांनीं या टोकाची घडण मानवी प्रथिनाच्या वळणावर आणली. खारघर येथील टाटा स्मारक केंद्राच्या रुग्णालयांत जून २०२१ मध्यें पहिल्या रोग्यास हा उपचार मिळाला. ऑक्टोबर २०२३ मध्यें ‘नेक्सकार-१९’ या नांवानें त्यास सरकारी मान्यता लाभली. इतर उपचारांनीं न हटलेल्या किंवा उलटलेल्या रोगावरील चांचणीचे निष्कर्ष २०२५ मध्यें प्रसिद्ध झाले. तपासतां आलेल्या रोग्यांपैकीं सुमारें ७३ टक्क्यांना गुण आला होता. मात्र उपचारापायीं दोघे दगावलेही.

ग्राहकास खूण कळते, साव-चोर कळत नाहीं. सीडी-१९ निरोगी बी पेशींवरही असतें. म्हणून त्याही मारल्या जातात आणि पुढें जंतुसंसर्गाची भीति राहते. शिवाय हें औषध ज्याचें त्यालाच लागू. एकाच्या रक्तांतून घडविलेलें दुसऱ्यास देतां येत नाहीं. त्यामुळें त्याचा साठा करून ठेवणें शक्य नसतें आणि प्रत्येक रोग्यासाठीं सारी खटपट पहिल्यापासून करावी लागते. परदेशांतील किंमतीच्या सुमारें दशांशांत तें येथें मिळूं लागलें, हें मोठेंच यश होय. तरीही खर्च लाखांच्या घरांत जातो. ज्या घरांतील मूल वा कर्ता पुरुष या रोगानें अंथरुणास खिळला आहे, त्या घराच्या दृष्टीनें शास्त्राची खरी कसोटी यापुढेंच आहे.