घाई कुठे, विचार कुठे

"पित्त चढलंय, थोडा सोडा घे आणि पड जरा." रात्री छातीत दाटून आलं, दरदरून घाम फुटला, की आपल्याकडे बहुतेक वेळा पहिलं वाक्य हेच निघतं. आणि कुणाच्या तरी अँजिओग्राफीचा रिपोर्ट हातात पडला की दुसरं: "नव्वद टक्के ब्लॉकेज आहे, आजच्या आज करून टाकू." जिथे एकेक मिनिट मोलाचं असतं तिथे आपण सकाळ व्हायची वाट पाहतो आणि जिथे विचाराला चांगली सवड असते तिथे अर्ध्या तासात सही करतो. अँजिओप्लास्टी आणि बायपासबद्दलचे बरेचसे गैरसमज या उलट्या घाईला चिकटलेले आहेत.

हृदयाच्या स्नायूला रक्त पुरवणाऱ्या मुख्य रोहिण्या जेमतेम तीन-चार मिलिमीटर रुंद असतात. त्यांच्या भिंतीत वर्षानुवर्षं चरबीचा थर साचत जातो. पण हार्ट अटॅक येतो तो बहुतेकदा हा थर वाढत वाढत रोहिणी बुजवतो म्हणून नव्हे. थरावरचं पातळ आवरण अचानक फाटतं, त्या जागी रक्ताची गुठळी धरते आणि काही मिनिटांत रोहिणी बंद होते. पुढचा स्नायू अर्ध्या तासाच्या आसपास मरायला लागतो. मेलेला स्नायू परत मिळत नाही. अशा वेळी मनगटातून किंवा जांघेतून बारीक तार नेऊन, फुगा फुगवून आणि स्टेंट बसवून रोहिणी उघडली तर जीव वाचतो, हृदयाची ताकदही वाचते. यासाठी रुग्ण रुग्णालयाच्या दारात आल्यापासून ९० मिनिटांचं उद्दिष्ट जगभर धरलं जातं. घरी सोडा पीत घालवलेले चार तास त्यात कुणीच मोजत नाही, आणि नुकसान तर तिथेच होतं.

पित्त आहे की हृदय, हे घरी बसून ओळखता येत नाही. मधुमेही माणसाला छातीत दुखणारही नाही, नुसती धाप लागेल, घाम येईल. बायकांमध्ये कधी जबडा, पाठ किंवा पोटाचा वरचा भाग दुखतो आणि मळमळतं. ईसीजीला पाच-दहा मिनिटं लागतात. तो पहिल्यांदा चांगला आला तरी त्रास सुरूच असेल तर तो पुन्हा काढावा लागतो आणि ट्रोपोनिनची रक्ततपासणी करावी लागते. "ईसीजी नॉर्मल आहे, चला घरी" एवढ्यावर विषय संपत नाही.

"पुण्या-मुंबईला नेल्याशिवाय काही होणार नाही" हा समज तर मला सगळ्यांत घातक वाटतो. दोन तासांच्या आत अँजिओप्लास्टीची सोय असलेली कॅथलॅब गाठणं शक्य नसेल, तर जवळच्या रुग्णालयात ईसीजी काढून गुठळी विरघळवणारं इंजेक्शन तिथेच द्यावं, अशी उपचारपद्धती आहे. टेनेक्टेप्लेज आणि स्ट्रेप्टोकायनेज ही त्यातली माहितीतली नावं. नुकताच मेंदूत रक्तस्राव झालेल्यांसारख्या काही रुग्णांना ते देता येत नाही, पण इतरांसाठी पहिल्या दोन-तीन तासांत त्याचा फायदा फार मोठा असतो. त्यानंतर रुग्णाला मोठ्या केंद्रात हलवायचं आणि सगळं ठीक असेल तर साधारण दिवसभरात अँजिओग्राफी करायची. गडचिरोली किंवा मेळघाटातल्या माणसाने खासगी गाडी ठरवण्यात वेळ घालवण्यापेक्षा १०८ ला फोन करून सर्वांत जवळचा ईसीजी गाठणं शहाणपणाचं आहे.

हे झालं अटॅकचं. आता ज्यांना अटॅक आलेला नाही, पण जिना चढताना छाती भरून येते आणि थांबलं की बरं वाटतं, किंवा नुसत्या हेल्थ चेकअपमध्ये काहीतरी सापडलं, त्यांची गोष्ट वेगळी आहे. इथे सर्वसाधारण समजूत तुंबलेल्या नळाची असते: गाळ अडकला होता, काढला, आता अटॅक येणार नाही. समजूत इतकी साधी आणि पटणारी, की ती तपासून पाहायला वैद्यकशास्त्रालाही बरीच वर्षं लागली. २००७ साली करेज नावाच्या चाचणीचे निष्कर्ष आले. स्थिर आजार असलेल्या २,२८७ रुग्णांपैकी निम्म्यांना औषधांसोबत अँजिओप्लास्टी मिळाली, उरलेल्यांना फक्त चांगली औषधं. साडेचार वर्षांनी मृत्यू आणि अटॅक यांत दोन्ही गटांत फरक दिसला नाही. २०२० मध्ये इस्किमिया ही आणखी मोठी चाचणी प्रसिद्ध झाली. ३७ देशांतले ५,१७९ रुग्ण, त्यात भारतातलेही. निष्कर्ष तोच. कारण वर आलंच आहे: अटॅक कितीदा तरी अशा थरातून येतो, जो आधी ३०-४० टक्केच होता आणि ज्याकडे कुणी पाहिलंही नव्हतं. स्टेंट एका जागी बसतो, आजार मात्र सगळ्या रोहिण्यांत पसरलेला असतो. त्या सगळ्या लांबीवर काम करतात ती स्टॅटिनसारखी औषधं, रक्तदाब आणि साखरेवरचा ताबा, आणि तंबाखू सोडणं.

मग स्थिर आजारात अँजिओप्लास्टी निरुपयोगी का? मुळीच नाही, आणि हा दुसऱ्या टोकाचा गैरसमज आता व्हॉट्सअ‍ॅपवर जोरात आहे. छातीत भरून येणं ती खरोखर कमी करते. २०२३ मधल्या ऑर्बिटा-२ चाचणीत छातीदुखीची औषधं बंद केलेल्या रुग्णांपैकी काहींवर खरी अँजिओप्लास्टी झाली, तर काहींवर केवळ तसा देखावा. आपल्याला काय मिळालं हे रुग्णांना ठाऊक नव्हतं. खऱ्या अँजिओप्लास्टीवाल्यांचा त्रास स्पष्टपणे कमी झाला. औषधं घेऊनही देवळाच्या पायऱ्या चढता येत नाहीत, शेतात जाता येत नाही, अशा माणसासाठी हा आराम फार मोठा आहे. फक्त तो आराम म्हणून घ्यावा, आयुष्याची हमी म्हणून नव्हे. काही रुग्णांच्या बाबतीत मात्र स्थिर आजारातही रक्तपुरवठा सुधारल्याने आयुष्य वाढतं: डावीकडची मुख्य रोहिणी अरुंद असलेले, हृदयाचं पंपिंग खूप कमी झालेले, आणि तीन रोहिण्यांत आजार असलेले मधुमेही. या चाचण्यांचा आधार घेऊन अशा रुग्णांनी उपचार टाळणं चूक ठरेल.

टक्क्यांबद्दलही थोडं सांगायला हवं. रिपोर्टमधला ७० टक्के हा आकडा बऱ्याचदा डोळ्यांनी पाहून केलेला अंदाज असतो, आणि दोन अनुभवी डॉक्टरांचे अंदाज वेगळे येऊ शकतात. अरुंद जागेमुळे रक्त खरंच कमी पोहोचतं का, हे रोहिणीत दाब मोजणारी तार घालून तपासता येतं. या चाचणीला एफएफआर म्हणतात. तिचं उत्तर ०.८० च्या वर आलं तर त्या जागी स्टेंट टाकून सहसा फायदा होत नाही. मधल्या टक्क्यांच्या ब्लॉकेजबाबत ही तपासणी केली का, असं विचारण्यात डॉक्टरांवरचा अविश्वास नाही.

"आता बायपास कोण करतं, सगळं स्टेंटने होतं" असंही ऐकू येतं. झुरिकमध्ये १६ सप्टेंबर १९७७ रोजी आंद्रेआस ग्रुंटझिग यांनी पहिली अँजिओप्लास्टी केली. सुरुवातीचे फुगे त्यांनी घरच्या स्वयंपाकघरातल्या टेबलावर बनवले होते. तेव्हा नुसत्या फुग्याने उघडलेल्या रोहिण्यांपैकी साधारण एक तृतीयांश काही महिन्यांत पुन्हा आवळायच्या. मग १९८६ साली स्टेंट आला, पुढे औषध लावलेला स्टेंट, आणि हे प्रमाण बरंच खाली आलं. प्रगती खरी आहे. तरीही अनेक रोहिण्यांत आजार असलेल्या मधुमेहींसाठी बायपास सरस ठरतो. फ्रीडम चाचणीत (२०१२) पाच वर्षांत स्टेंटच्या गटातले १६.३ टक्के रुग्ण दगावले, बायपासच्या गटातले १०.९ टक्के. महाराष्ट्रात मधुमेहाचं प्रमाण पाहता ही तुलना प्रत्येक घरात माहीत असावी असं मला वाटतं. शस्त्रक्रिया मोठी असते, पहिल्या काही दिवसांत पक्षाघाताचा धोका थोडा जास्त असतो, छातीचं हाड जुळायला दोन-तीन महिने जातात. हेही तराजूत घालावं लागतं. "बायपास दहाच वर्षं टिकतो" हे अर्धसत्य आहे. पायातून घेतलेल्या शिरांच्या जोडण्यांपैकी जवळपास निम्म्या दहा वर्षांत बंद पडतात, पण छातीच्या आतल्या रोहिणीची जोडणी दहा वर्षांनीही दहापैकी नऊ जणांत चालू असते.

"विनाऑपरेशन नैसर्गिक बायपास" अशा जाहिरातींमधलं एक यंत्र पायांवर पट्टे आवळून काम करतं. त्याने काहींची छातीदुखी कमी होते, ब्लॉकेज विरघळत नाही. सलाइनवाटे औषध देऊन शरीरातले धातू काढण्याच्या कीलेशन उपचाराची मोठी चाचणी मधुमेहींवर पुन्हा केली गेली, तेव्हा फायदा आढळला नाही.

"स्टेंट जितका महाग तितका चांगला" या समजुतीचा जोर २०१७ पासून ओसरायला हवा होता. त्या फेब्रुवारीत केंद्र सरकारने औषधी स्टेंटची कमाल किंमत २९,६०० रुपये, अधिक कर, अशी ठरवली. त्याआधी एकेका स्टेंटचे लाखाच्या पुढेही पैसे मोजले जात. महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजनेत अँजिओप्लास्टी आणि बायपास दोन्ही येतात, तेव्हा दागिने गहाण टाकण्याआधी रुग्णालयातल्या आरोग्यमित्राला गाठावं.

स्टेंटनंतरच्या गोळ्या हा सर्वांत दुर्लक्षित भाग. स्टेंट म्हणजे रोहिणीत ठेवलेला धातू. त्यावर पेशींचं अस्तर चढेपर्यंत रक्त तिथे गोठू शकतं. म्हणून अ‍ॅस्पिरिनच्या जोडीला क्लोपिडोग्रेल किंवा टिकाग्रेलोर देतात. अटॅकनंतर साधारण वर्षभर, स्थिर आजारात साधारण सहा महिने. मुदत मात्र रुग्णानुसार डॉक्टर ठरवतात. दात काढायचा म्हणून किंवा आता बरं वाटतंय म्हणून या गोळ्या परस्पर बंद केल्या, तर स्टेंट अचानक बंद पडून जीवघेणा अटॅक येऊ शकतो. दातांच्या डॉक्टरांनी थांबवायला सांगितल्या तरी आधी हृदयाच्या डॉक्टरांना फोन करावा.

अटॅक नसताना, अँजिओग्राफी सुरू असतानाच नातेवाइकांना बाहेर बोलावून "स्टेंट टाकायचा का" असं विचारलं जातं. त्या वेळी तीन प्रश्न पुरेसे आहेत: आज न केल्यास नेमका धोका काय, औषधांनी किती भागेल, आणि या रुग्णाला बायपास अधिक योग्य आहे का. उत्तरं समाधानकारक नसतील तर अँजिओग्राफीची सीडी मागून घ्यावी. ती घेऊन दुसऱ्या हृदयरोगतज्ज्ञांकडे आणि एका हृदयशल्यचिकित्सकाकडे जाता येतं, आणि स्थिर आजारात तेवढा वेळ बहुतेकांच्या हातात असतो.