मोरचुदाच्या पाण्याचा हिशेब

पावसात पोफळीस कोळे रोग लागला म्हणजे कोवळी सुपारी सडून गळते, हे किहीमच्या वाडीवाल्यांस सांगणे नलगे. म्हैसूर संस्थानात लेस्ली कोलमन यांनी 1910 च्या सुमारास या रोगाचा अभ्यास केला. पावसापूर्वी 1 टक्का बोर्डो मिश्रण फवारण्याची रीत आजही चालू आहे. 50 लिटर पाण्यात 1 किलो मोरचूद, दुसऱ्या 50 लिटरांत 1 किलो चुना, मग दोन्ही एकत्र. म्हणजे मोरचुदाचे पाणी 2 टक्क्यांचे हवे.

आता पिपात 1 टक्क्याचे जुने व 6 टक्क्यांचे नवे पाणी असले, तर पुष्कळजण निम्मे निम्मे घेतात. त्याने साडेतीन टक्के होऊन चुन्याचा मेळ बिघडतो व पान करपण्याचे भय राहते. खरी रीत तिरप्या वजाबाकीची. 6 मधून 2 गेले, उरले 4, हे सौम्य पाण्याचे भाग. 2 मधून 1 गेला, उरला 1, हा तीव्र पाण्याचा. सबब सौम्य 40 लिटर, तीव्र 10 लिटर. ताळा पाहावा: 400 ग्रॅम व 600 ग्रॅम मिळून 1 किलो. आमची हयात महसुलाच्या आकड्यांत गेली. याहून सोपा हिशेब आम्ही क्वचितच पाहिला.

भांडे लोखंडी नसावे. तयार मिश्रणात कोयत्याचे स्वच्छ पाते मिनिटभर बुडवावे. तांबूस पुट चढल्यास चुन्याचे पाणी आणखी घालावे, आणि मिश्रण त्याच दिवशी संपवावे.