कॅमेऱ्याचे कसब आणि सब्राचा धंदा

रामनवमीच्या यात्रेत पोहरादेवीला आमचे कापडाचे दुकान लागते. संत सेवालाल महाराजांच्या समाधीच्या दर्शनाला दूरदूरचे बंजारा बांधव येतात आणि फेटिया-कांचळीचे रंगीत कापड, आरसे, लेस यांना चांगला उठाव असतो. शेजारी मशीन मांडून बसणाऱ्या शिंपीभाईंनी तेथे आम्हाला आपली काळजी सांगितली. "शेठ, पोरगा लग्नाची शूटिंग चांगली करतो. आता म्हणतो, जंगलातल्या जनावरांची फिल्म काढणार. लेन्ससाठी माझी पिकोची मशीन विका म्हणतो. यात रोजी आहे का?"

मशीन म्हणजे घराची चूल. म्हणून आम्ही नीट चौकशी केली.

आपल्याच राज्यातील पनवेलच्या ऐश्वर्या श्रीधर यांनी सुरुवात घराजवळून केली. उरणच्या पाणजे पाणथळीवरील त्यांचा माहितीपट दूरदर्शनवर दाखवला गेला. पुढे ताडोब्याच्या माया वाघिणीवर त्यांनी 'द क्वीन ऑफ तारू' केला. काजव्यांनी उजळलेल्या झाडाच्या त्यांच्या छायाचित्राचा २०२० मध्ये लंडनच्या नॅचरल हिस्टरी म्युझियमच्या स्पर्धेत गौरव झाला.

या फिल्मचा परिणाम बाजारावरही होतो. माइक पांडे यांनी गुजरात किनाऱ्यावरील व्हेल शार्कच्या शिकारीवर केलेल्या माहितीपटाला २००० मध्ये ब्रिटनचा पांडा पुरस्कार मिळाला. २००१ मध्ये सरकारने त्या माशाला संरक्षण दिले. पुढे जाळे कापून मासा सोडणाऱ्या कोळ्यांना गुजरात वनखात्याकडून भरपाई मिळू लागली.

आता हिशेब. कमाईच्या वाटा दोन. वाहिनी किंवा संस्था पैसे देऊन काम सांगते, नाहीतर आपल्या खर्चाने चित्रण करून हक्क विकावे लागतात. दुसऱ्या वाटेत माल तयार होईपर्यंत गल्ला रिकामा. वनखात्याची परवानगी आणि शुल्क वेगळे. शिवाय पाणवठ्यावर वाघ दिसण्याचे दिवस एप्रिल-मे आणि लग्नसराईही तेव्हाच. एका हंगामावर पाणी सोडावेच लागते.

आम्ही शिंपीभाईंना सांगितले की मशीन विकू नका. मुलाने लग्नसराई सांभाळावी आणि लेन्स भाड्याने घ्यावी. हिवाळ्यात तलावांवर पाहुणे पक्षी येतात. आपल्याच जिल्ह्यात कारंजा-सोहोळचे काळवीट अभयारण्य आहे. परवानगी काढून तेथे हात बसवावा. दोन वर्षांत कामाला गिऱ्हाईक मिळाले तर पुढचे पाऊल टाकावे. रीतसर शिकायचे असेल तर पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट आहे, दिल्लीच्या जामिया मिलियात १९८२ पासून मास कम्युनिकेशनचे केंद्र आहे.

मुलाचा चेहरा थोडा उतरला, पण त्याने ऐकले. जनावरांपासून लपून बसण्यासाठी त्याला मातकट रंगाचे जाड कापड हवे होते. ते आम्ही खरेदीच्या भावात दिले आणि वडिलांनी त्याच मशीनवर शिवून दिले.

नवे हुनर शिकणाऱ्या मुलाला अडवू नये. मात्र चालता धंदा मोडून नवा उभारणे हे व्यापाऱ्याचे शहाणपण नव्हे.