‘लॉ अँड ऑर्डर’चा पहिला भाग : एका बापाचा सवाल

छोट्या पडद्यावरील गुन्हेगारी मालिका म्हटली की खून, पाठलाग आणि शेवटी बेड्या, एवढाच ऐवज आपल्यापुढे येतो. आरोपी सापडला म्हणजे न्याय झाला, असे समजून आपण दूरदर्शन संच बंद करतो. परंतु अटकेनंतर खरी कसोटी न्यायालयात लागते. हे अमेरिकन प्रेक्षकांना आठवड्यामागून आठवडा दाखवणारी मालिका म्हणजे डिक वुल्फ यांची ‘लॉ अँड ऑर्डर’. पूर्वार्ध पोलिसांचा आणि उत्तरार्ध सरकारी वकिलांचा, अशी तिची मांडणी.

१३ सप्टेंबर १९९० रोजी एनबीसी वाहिनीवर दाखवलेल्या पहिल्या भागाचे नाव ‘प्रिस्क्रिप्शन फॉर डेथ’. न्यूयॉर्कच्या एका रुग्णालयात तातडीच्या विभागात आणलेली तरुण मुलगी दगावते. डॉक्टरांच्या हलगर्जीपणामुळेच ती गेली, असे तिचा बाप ठामपणे सांगतो. ग्रीव्ही व लोगन हे पोलीस तपास करतात आणि संशय एका नामांकित ज्येष्ठ डॉक्टरावर येतो. तो त्या वेळी दारूच्या अमलाखाली होता काय, हा प्रश्न उभा राहतो. सरकारी वकील बेन स्टोन आणि पॉल रॉबिनेट खटला चालवतात. ज्याच्या हाताखाली शिकायचे, त्याच्याविरुद्ध साक्ष कोण देणार? आम्हाला या भागाचे मर्म या प्रश्नातच दिसते.

या कथेमागे खरी घटना आहे. लिबी झायन ही १८ वर्षांची विद्यार्थिनी ५ मार्च १९८४ रोजी न्यूयॉर्कच्या रुग्णालयात मरण पावली. ती नैराश्यावर फिनेल्झिन हे औषध घेत होती. त्यातच तिला मेपेरिडिन देण्यात आले. ही दोन औषधे एकत्र येणे जिवावर बेतू शकते. तिला तपासणारे शिकाऊ डॉक्टर दीर्घ पाळीत होते आणि एकाच वेळी अनेक रुग्ण सांभाळत होते. वडील सिडनी झायन वकील व पत्रकार. त्यांनी पिच्छा सोडला नाही. फौजदारी खटला उभा राहिला नाही. परंतु १९८९ साली न्यूयॉर्क राज्याने शिकाऊ डॉक्टरांचे काम आठवड्याला ८० तास आणि सलग २४ तास, एवढ्यावर मर्यादित केले. १९९५ साली दिवाणी दाव्यात ज्युरीने तीन डॉक्टरांना जबाबदार धरले.

झायन यांच्या हाती लेखणी होती, कायद्याचे ज्ञान होते. ज्या बापाकडे यातले काहीच नाही, त्याने काय करावे? त्याच्यासाठी कागद हेच शस्त्र. आपल्याकडे १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने पैसे घेऊन दिलेली वैद्यकीय सेवा ग्राहक कायद्याखाली आणली. २००२ च्या वैद्यकीय परिषदेच्या नियमांनुसार रुग्णाने वा नातेवाइकाने मागणी केल्यास ७२ तासांत उपचाराचे कागद द्यावे लागतात. मागणी लेखी करावी व पोच घ्यावी.

बंधू-भगिनींनो, घरातील प्रत्येकाच्या चालू औषधांची यादी एका वहीत लिहून ठेवा. दवाखान्यात जाताना ती सोबत न्या आणि डॉक्टर विचारोत अथवा न विचारोत, त्यांच्यापुढे ठेवा. डॉक्टरांचा मान राखावाच. पण प्रश्न विचारण्यास कचरू नये.