पाच दातांचा कंदील

सोलापुरातल्या एका महाविद्यालयात मी एकतीस वर्षे प्राणिशास्त्र शिकवले. विभागाच्या संग्रहालयात, खिडकीलगतच्या कपाटात, फॉर्मॅलिनची एक बरणी होती. आत मोसंबीएवढा काटेरी गोळा आणि बाहेर लेबल : ‘सी-अर्चिन. संघ कंटकचर्मी. रत्नागिरी, डिसेंबर १९८३.’ लेबलावरचे अक्षर माझे आणि तो प्राणीही मीच आणलेला. दरवर्षी नवी मुले कपाटापुढे उभी राहत आणि कोणीतरी हमखास विचारी, “सर, ह्याचं तोंड कुठंय?” मी बरणी उचलून खालची बाजू दाखवी आणि पुढच्या बरणीकडे वळे. त्या प्रश्नाचे उत्तर तेवढ्यावर संपत नाही, हे कळायला मला बरीच वर्षे लागली.

१९८३ साली सोलापूरची महाविद्यालये कोल्हापूरच्या शिवाजी विद्यापीठाला जोडलेली होती. बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाची आमची अभ्याससहल एस.टी.ने मिरज-कोल्हापूर करत, आंबा घाट उतरून रत्नागिरीला गेली. सिद्धेश्वराचा तलाव आणि उजनीचे धरण एवढेच पाणी पाहिलेली आम्ही मुले. समुद्र बहुतेकांनी त्या दिवशी पहिल्यांदा पाहिला. ओहोटी लागली तसे किनाऱ्याचे खडक उघडे पडले. त्यांत वाटीसारखे खळगे होते आणि खळग्याखळग्यात एकेक काळा गोळा बसलेला. काटे चहूबाजूंनी दगडाला रोवून तो असा घट्ट बसतो की हाताने निघत नाही. आम्ही स्क्रू-ड्रायव्हर घालून ते उचकटले. दोन बादल्या भरल्या. सहलीच्या वहीत मी ऐटीत लिहिले : ‘नग ३४.’

कोकणच्या खडकाळ किनाऱ्यावर आढळणाऱ्या या सी-अर्चिनचे शास्त्रीय नाव स्टोमोप्न्यूस्टिस व्हॅरिओलॅरिस. लामार्क या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८१६ साली त्याची नोंद केली. ‘व्हॅरिओला’ म्हणजे देवीचा रोग. काटे झडून गेलेल्या कवचावर उंचवट्यांच्या रांगा उरतात, त्या देवीच्या फोडांसारख्या दिसतात. आफ्रिकेच्या पूर्व किनाऱ्यापासून पॅसिफिकमधल्या बेटांपर्यंत, उष्ण कटिबंधातल्या उथळ पाण्यात हा राहतो. रंग काळा, उन्हात जांभळट झाक मारणारा.

बाहेरून तो नुसता काट्यांचा गोळा. पण प्रत्येक काटा उखळीच्या सांध्यावर बसवलेला असतो आणि हवा तसा वळतो. काट्यांच्या आत चुनखडीच्या तबकड्यांचे कवच असते. या तबकड्यांच्या वीस उभ्या रांगा पाच पट्ट्यांच्या हिशेबाने लागलेल्या असतात. कवचाच्या बारीक छिद्रांतून शेकडो नळीसारखे पाय बाहेर येतात. त्यांच्यात स्नायूंबरोबर पाण्याचा दाबही काम करतो : दाब वाढला की पाय लांबतो आणि टोकाची चकती दगडाला चिकटते. या प्राण्याला मेंदू नाही, तोंडाभोवती मज्जातंतूंचे एक कडे तेवढे आहे. तेवढ्यावर तो चालतो, अंधारउजेड ओळखतो आणि उलटा पडला तर सरळ होतो.

आणि त्याचे तोंड, जे मी बरणीतून दाखवत असे. ते खाली, दगडाकडे असते. त्यात पाच दात आणि ते हलवणारा चुनखडीच्या सुमारे चाळीस तुकड्यांचा सांगाडा. ॲरिस्टॉटलने या प्राण्याचे वर्णन करताना कंदिलाची उपमा वापरली. ती त्याने तोंडाला दिली की अख्ख्या कवचाला, यावर अभ्यासकांत वाद आहे, पण नाव तोंडालाच चिकटले : ‘ॲरिस्टॉटलचा कंदील’. हे दात खडक खरवडतात, झिजतात, मागून वाढत राहतात आणि झिजताना त्यांची धार कायम राहते. आपल्याकडे विळ्याला धार लावायला माणूस लागतो, इथे झीज हीच धार.

या पाचपदरी प्राण्याचे बालपण मात्र आपल्यासारखे दुहेरी असते. नर-मादी आपापली बीजे थेट पाण्यात सोडतात. त्यातून होणारी सूक्ष्म अळी डावी-उजवी बाजू असलेली, पारदर्शक. ती काही आठवडे प्रवाहाबरोबर तरंगते आणि त्या काळात तिच्या डाव्या अंगात पाचपदरी पिल्लाचा अंकुर वाढत असतो. योग्य दगड सापडला की अळीचे शरीर आक्रसते आणि तासाभरात इवला सी-अर्चिन खडकावर चालू लागतो. ऑस्कर हर्टविगने १८७६ साली अंड्यात शिरलेल्या शुक्राणूचे आणि अंड्याचे केंद्रक एक होताना पाहिले, ते सी-अर्चिनच्याच अंड्यात. फलन म्हणजे काय, हे माणसाला या काटेरी गोळ्याने दाखवले.

आता हे दात करतात काय? ते शेवाळ खातात. सोलापूरकराला हे समजावयाला नान्नजचा माळ पुरेसा आहे. माळावर जनावरे फार झाली की गवत मुळासकट जाते आणि मुरूम उघडा पडतो. अजिबात नसली तर गवत दाटते, झुडपे घुसतात आणि माळाचा माळ राहत नाही. सी-अर्चिन हे उथळ समुद्रातले चरणारे जनावर. त्याने शेवाळ खरवडले की दगडाचा मोकळा तुकडा मिळतो आणि त्यावर प्रवाळाची अळी घर करू शकते. तो नाहीसा झाला तर शेवाळ सगळे व्यापते. फार झाला तरी घात होतो. केनियाच्या किनाऱ्यावर त्याला खाणारे मासे माणसाने मारून संपवले, तेव्हा एकायनोमेट्रा जातीचे सी-अर्चिन बेसुमार वाढले आणि शेवाळाबरोबर प्रवाळाचा दगडही झिजवू लागले.

उलट बाजू कॅरिबियन समुद्राने दाखवली. तिथे डायडेमा नावाचा लांब काट्यांचा सी-अर्चिन इतका होता की पोहणारे त्याला शिव्या देत. जानेवारी १९८३मध्ये पनामाच्या किनाऱ्यावर ते मरू लागले. काटे गळून पडत आणि काही दिवसांत प्राणी संपे. जेमतेम वर्षभरात रोग सगळ्या कॅरिबियनभर पसरला आणि शंभरातले नव्वदांहून अधिक गेले. जमैकात शेवाळ खाणारे मासे आधीच भरमसाट मासेमारीने घटले होते, १९८०च्या वादळाने प्रवाळ मोडले होते. खडक साफ ठेवणारा एवढाच उरला होता आणि तोही गेला. १९७७ साली तिथल्या समुद्रतळाचा सुमारे ५२ टक्के भाग जिवंत प्रवाळाने झाकलेला होता. १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला तो ३ टक्क्यांवर आला आणि शेवाळ ४ टक्क्यांवरून ९२ टक्क्यांवर गेले.

हे आकडे मी बऱ्याच वर्षांनी वाचले आणि तारखेपाशी थांबलो. कॅरिबियनमधली ती साथ चालू असतानाच, डिसेंबर १९८३मध्ये, आम्ही रत्नागिरीच्या खडकावर बादल्या भरत होतो. आमच्या दोन बादल्यांनी कोकणचा समुद्र बिघडला, असे मी म्हणणार नाही. मला टोचले ते वेगळेच. ५२ आणि ३ हे आकडे जगाला मिळाले, कारण डायडेमा पायलीला पन्नास होते तेव्हाही कोणीतरी पाण्यात उतरून मोजदाद करत होते. माझ्या वहीत मात्र ‘३४’ हा बादलीतला आकडा होता. खडकावर किती होते, किती उरले, हे मी लिहिले नव्हते. पुढे शिक्षक म्हणून सहली नेल्या, तेव्हाही वर्षानुवर्षे तेच केले. मेलेले मोजले, जिवंत मोजलेच नाहीत.

२०२२ साली डायडेमा पुन्हा मरू लागले. या वेळी वर्षभरात कारण सापडले : सूक्ष्मदर्शकाखालीच दिसणारा, केसाळ अंगाचा एक एकपेशीय जीव. पाठोपाठ तांबड्या समुद्रातही दुसऱ्या जातीचे डायडेमा तसेच मेले. तांबडा समुद्र म्हणजे आपल्या अरबी समुद्राचा शेजारी.

निवृत्तीआधीच्या शेवटच्या सहलीत मी बादल्या नेल्या नाहीत. सुतळीची एक मीटरची चौकट नेली. ती खडकावर टाकायची, आतले सी-अर्चिन मोजायचे, आकडा लिहायचा, पुढे सरकायचे. एक मुलगी माझ्याकडे बघत म्हणाली, “सर, एकपण घ्यायचा नाही?” म्हटले, “बरणीत एक आहे की. तो पुरे.” त्या वहीच्या पानावर तारीख, वेळ आणि जागा नीट लिहिलेली आहे. वही आता विभागात आहे आणि पुढच्या सहलीने त्याच जागी चौकट टाकावी, असे आतल्या पानावर लिहून ठेवले आहे.

दिवाळीच्या सुट्टीत सोलापूरची कितीतरी कुटुंबे कोकणात उतरतात. लक्ष्मीपूजनाची अमावास्या, म्हणजे भरती-ओहोटीतले अंतर मोठे असण्याचे दिवस. समुद्र खूप आत जातो आणि एरवी न दिसणारे खडक उघडे पडतात. पायात चप्पल ठेवा, काटा मोडून आत राहतो. खळग्यात काळा गोळा दिसला तर त्याला उचकटू नका. आसपास किती आहेत, ते मोजा आणि घरी आल्यावर तारखेसह कुठेतरी लिहून ठेवा. तोंड खालच्या बाजूला असते. ते दिसणार नाही, पण त्याच्याभोवतीचा स्वच्छ दगड दिसेल.