एक वाजताचा मेसेज

विरारकरांना टकमक गड घरचा वाटतो. अहमदाबाद हायवेवर साकवार, आणि गावामागे सुमारे दोन हजार फुटांचा डोंगर. पण जंगल लागलं की मोबाइलची रेंज भरवशाची राहत नाही आणि गुरांच्या वाटा चकवतात.

म्हणून आमच्या ट्रेकिंग ग्रुपमधला एक जण ट्रेकच्या दिवशी घरी थांबतो. डिसेंबरात ते काम माझ्याकडे आलं. हाताशी एक कागद: जाणाऱ्यांची नावं, रक्तगट, घरचे नंबर, गाडीचा नंबर, जायची-यायची वाट आणि चार वेळा. पायथा 7, माथा 11, उतरायला सुरुवात 1, परत पायथा 4. मेसेज साध्या एसएमएसने. रेंज कमी असली की व्हॉट्सॲप नुसतं फिरत बसतं. मजकूरही ठरलेला: जागा, वेळ, किती जण, पाणी. मधल्या वेळात फोन एअरप्लेन मोडवर, कारण रेंज शोधण्यातच बॅटरी संपते.

‘माथा 10:50. सातही जण. पाणी पुरेसं.’ हा आला. एकचा आला नाही.

अशा वेळी हात आवरणं फार कठीण. सारखा फोन लावावासा वाटतो, पण बंद फोनवर लावून काय कळणार? कागदावर लिहिलं होतं: एक मेसेज चुकला तर थांबा. चारचाही चुकला तर साकवारमधल्या ओळखीच्या घरी विचारा. साडेपाचपर्यंत पत्ता नसेल तर 112 आणि महाराष्ट्र माउंटेनिअर्स रेस्क्यू कोऑर्डिनेशन सेंटर. या दिवसांत सहाच्या सुमारास सूर्य मावळतो. त्याआधी बचाव पथकाला शेवटचं ठिकाण कळायलाच हवं. परदेशी गिर्यारोहक सॅटेलाइट मेसेंजर बाळगतात. आपल्याकडे परवानगीशिवाय ते वापरता येत नाहीत. लाइव्ह लोकेशनवर माझा विश्वास नाही. रेंज गेली की तेही अडकतं.

3:35 ला मेसेज आला: ‘पायथा. सातही जण.’ एकीचा पाय मुरगळला म्हणून मंडळी साडेबारालाच उतरायला लागली होती. एक वाजता दाट झाडीत होती. तेव्हापासून कागदावर एक ओळ वाढली: वेळ झाली नसली तरी माथा सोडण्याआधी मेसेज.

टकमक असो, कामणदुर्ग असो की तुंगारेश्वरचं जंगल, निघण्याआधी असा कागद घरी ठेवा. वेळा सगळेच सांगतात; मेसेज आला नाही तर किती वाजता कोणाला फोन करायचा, तेही त्यावर लिहा.